कोकी आणि देवकी

१८ मे २०१७च्या पहाटे अंधेरीच्या कोकिलाबेन धीरूभाई अंबानी रुग्णालयात रीमा लागू यांचं हृदयविकाराच्या झटक्याने निधन झालं. साठीही गाठली नव्हती. आदल्या दिवशी संध्याकाळपर्यंत त्या ‘नामकरण’ या हिंदी मालिकेच्या सेटवर काम करत होत्या. बातमी पसरली तशी वृत्तवाहिन्यांवर ‘मैंने प्यार किया’, ‘हम आपके हैं कौन’, ‘वास्तव’ या चित्रपटांतली दृश्यं फिरू लागली आणि दिवसभर त्यांची एकच ओळख सांगितली गेली : हिंदी पडद्यावरची आई.

ओळख खरी, पण अर्धी.

१९९४ ते २००० या सहा-सात वर्षांत रीमा लागू यांनी दोन हिंदी विनोदी मालिका अशा ताकदीने पेलल्या, की त्या काळात ज्यांच्या घरी टीव्ही होता त्या प्रत्येकाला ‘श्रीमान श्रीमती’तली कोकी आणि ‘तू तू मैं मैं’मधली देवकी आजही आठवते. आईच्या भूमिकांनी त्यांना मान दिला, प्रसिद्धी दिली. अभिनेत्री म्हणून मोकळा श्वास मात्र त्यांना या दोन बायकांनी घेऊ दिला. आपल्या छोट्या पडद्यावर पहिल्या रांगेतल्या ज्या विनोदी अभिनेत्री होऊन गेल्या, त्यांत रीमा लागू यांचं नाव घ्यायला हवं, आणि ते पुरेशा ठामपणे घेतलं जात नाही.

विरारसारख्या ठिकाणी राहणाऱ्यांना हे काम जास्त जवळचं वाटण्याचं एक कारण आहे. चर्चगेटपासून साठ किलोमीटरवरचं हे गाव १८६७ पासून मुंबईशी रेल्वेने जोडलेलं, पण मुंबईच्या नाट्यगृहांपासून ते कायम लांबच राहिलं. १९८२च्या गिरणी संपानंतर गिरणगावाची झालेली पडझड आणि मुंबईत जागांचे भडकलेले भाव यांमुळे गिरगाव, लालबाग, परळ, दादरची कितीतरी कुटुंबं वसई, नालासोपारा, विरारकडे सरकली. नाटकाची आवडही ती बरोबर घेऊन आली. पण शिवाजी मंदिरला रात्रीचा प्रयोग बघायचा, नाटक सुटल्यावर दादरला विरार गाडी पकडायची, मध्यरात्र उलटल्यावर घरी पोचायचं आणि पहाटे पुन्हा डबा करून सकाळची गाडी गाठायची, हे नोकरदार माणसाला वर्षातून किती वेळा जमणार? त्यामुळे रंगभूमीवर मुरलेली माणसं या पट्ट्यात घरोघरी आली ती टीव्हीतून. रीमा लागू त्यांतल्या एक. त्यांना प्रत्यक्ष रंगमंचावर कधीही न पाहिलेल्या लोकांनी त्यांचं नाटकातलं कसब आठवड्यातून एकदा, जेवणाच्या ताटावर बसून, अनेक वर्षं पाहिलं.

रीमा लागू यांचं माहेरचं नाव नयन भडभडे. जन्म २१ जून १९५८चा. आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या अभिनेत्री. वसंत कानेटकरांच्या ‘लेकुरे उदंड जाली’तल्या कामामुळे त्या नाट्यरसिकांना चांगल्या परिचित होत्या. विंगेत उभं राहून आईचं काम बघणं, तालमी कानावर पडणं, हे नयनच्या बालपणातच होतं. ‘बेबी नयन’ या नावाने तिने लहानपणी चित्रपटांत कामही केलं. शिक्षण पुण्याच्या हुजूरपागेत झालं. तिथल्या स्नेहसंमेलनांचा वारसा मोठा, आणि तिच्यातली नटी शाळेतच शिक्षकांच्या नजरेत भरली. शालेय शिक्षण संपल्यावर लगेचच ती व्यावसायिक रंगभूमीकडे वळली आणि नयनची रीमा झाली. १९७८मध्ये रंगकर्मी विवेक लागू यांच्याशी लग्न झालं. पुढे दोघं वेगळे झाले, तरी लागू हे आडनाव आणि त्याने मिळालेली ओळख कायम राहिली.

१९७९मध्ये त्या युनियन बँक ऑफ इंडियाच्या नोकरीत लागल्या. पुढची सुमारे दहा वर्षं बँक, नाटक, चित्रपट आणि घर हे सगळं एकाच वेळी चालू होतं. ही नोकरी चरित्रात एका ओळीत उरकण्याची गोष्ट नाही. बँका, विमा कंपन्या, रेल्वे, पोस्ट, गिरण्या यांच्या कर्मचाऱ्यांनी मुंबईच्या मराठी नाटकाला किती माणसं पुरवली, हे मोजायला कुणीतरी बसायला हवं. आंतरबँक नाट्यस्पर्धा हा त्या काळातला मोठा जिव्हाळ्याचा प्रकार. दिवसभर खातेवह्या आणि संध्याकाळी तालीम. रीमा लागूही या बँकांच्या सांस्कृतिक कार्यक्रमांत नेमाने भाग घेत. शिवाय काउंटरमागे बसणाऱ्या बाईला रोज माणसं दिसतात : पासबुक आपटणारा, सही जुळत नाही म्हणून भांडणारा, पेन्शनसाठी उगाचच तासभर आधी येऊन बसणारा, सुनेची तक्रार करता करता पैसे मोजणारी सासू. पुढे कोकी आणि देवकी रंगवताना त्यांच्या बोलण्यात, हातवाऱ्यांत जो अस्सल मध्यमवर्ग दिसला, तो स्टुडिओत बसून शिकता येणारा नव्हता. सकाळी गाडीला लोंबकळून नोकरीला जाणाऱ्या विरारच्या बाईला कोकी आपलीच शेजारीण वाटली, त्याचं मूळ इथे सापडतं, असं या लेखकाचं मत आहे.

रंगभूमीवर त्यांचं नाव झालं ते गंभीर भूमिकांनी. जयवंत दळवींचं ‘पुरुष’, विजया मेहता यांचं दिग्दर्शन, समोर गुलाबरावाच्या भूमिकेत नाना पाटेकर आणि अत्याचाराला बळी पडूनही मान न झुकवणाऱ्या अंबिकेच्या भूमिकेत रीमा लागू. ऐंशीच्या दशकातलं हे नाटक पाहिलेले प्रेक्षक आजही त्याबद्दल बोलताना आवाज खाली आणतात. पाठोपाठ शेखर ताम्हाणे यांचं ‘सविता दामोदर परांजपे’ आलं. एका विवाहितेच्या अंगात मेलेल्या बाईचा संचार होतो असं कथानक. एकाच शरीरात दोन स्त्रिया, दोन आवाज, दोन चाली, आणि हे सगळं प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत, कॅमेऱ्याच्या करामतीशिवाय. कुठे थांबायचं, कुठे आवाज फोडायचा, शेवटच्या रांगेपर्यंत कुजबुज कशी पोचवायची, हे ज्या नटीला असं रोजच्या प्रयोगात घोटावं लागतं, तिच्या हाती विनोदाची हत्यारंही आपोआप येतात. रडवण्यासाठी लागणारी वेळेची जाण आणि हसवण्यासाठी लागणारी वेळेची जाण यांत फार अंतर नसतं.

चित्रपटांत सुरुवात चांगल्या घरी झाली. जब्बार पटेलांचा ‘सिंहासन’, गोविंद निहलानींचा ‘आक्रोश’, श्याम बेनेगलांचा ‘कलयुग’. मग १९८८मध्ये ‘कयामत से कयामत तक’ आला. त्यात त्या जुही चावलाची आई झाल्या. १९८९मध्ये सूरज बडजात्या यांच्या ‘मैंने प्यार किया’त सलमान खानची आई. तेव्हा त्यांचं वय ३१ आणि सलमान त्यांच्याहून जेमतेम साडेसात वर्षांनी लहान. ‘आशिकी’, ‘साजन’, ‘हम आपके हैं कौन’ अशी ही रांग पुढे वाढतच गेली. १९९९च्या ‘वास्तव’मध्ये ज्या मुलाला त्या स्वतःच्या हाताने गोळी घालतात, तो संजय दत्त त्यांच्याहून फक्त एक वर्षाने धाकटा होता. फिल्मफेअरच्या साहाय्यक अभिनेत्रीच्या पुरस्कारासाठी चार वेळा नामांकन मिळालं, पुरस्कार एकदाही मिळाला नाही.

या भूमिका त्यांनी फार चांगल्या केल्या. त्यांच्याआधीची पडद्यावरची आई पांढऱ्या साडीत शिवणयंत्रावर बसलेली आणि खोकत असलेली. रीमा लागू यांची आई नीटनेटकी साडी नेसणारी, मुलाशी मैत्रिणीसारखं बोलणारी, त्याचं प्रेमप्रकरण ओळखून गालातल्या गालात हसणारी होती. हिंदी चित्रपटातली आई त्यांनी तरुण केली. पण या आईला स्वतःचं असं काही नव्हतं. हेवा नाही, हौस नाही, लबाडी नाही, चूक नाही. तिशीतल्या, ऐन उमेदीतल्या अभिनेत्रीला चित्रपटसृष्टीने देव्हाऱ्यात बसवून टाकलं होतं. तिथून त्यांना खाली उतरवून माणसांत आणलं ते टीव्हीने.

असं घडलेल्या त्या एकट्या नाहीत. सिटकॉम, म्हणजे प्रसंगनिष्ठ विनोदी मालिका, हा प्रकार अमेरिकेत आधी रेडिओवर वाढला आणि टीव्हीवर त्याला खरं रूप दिलं ते १९५१मध्ये सुरू झालेल्या ‘आय लव्ह लूसी’ने. तिची नायिका ल्युसिल बॉल तेव्हा चाळिशीची होती. हॉलिवुडने तिला दुय्यम चित्रपटांपलीकडे फारसं जाऊ दिलं नव्हतं. टीव्हीवर आल्यावर तिने सगळ्या देशाला वेड लावलं. समोर खरे प्रेक्षक बसवायचे, तीन कॅमेऱ्यांनी एकाच वेळी फिल्मवर चित्रण करायचं आणि नटांनी नाटकासारखं सलग काम करायचं, ही पद्धत या मालिकेने रुळवली. तिची रचनाही लक्षात घेण्यासारखी आहे : एक जोडपं, त्यांचं शेजारी जोडपं, दोन दारं आणि दर आठवड्याला नवा घोटाळा. घोटाळा मिटतो, सगळं जागच्या जागी येतं, कुणी काही शिकत नाही आणि पुढच्या आठवड्यात पुन्हा तेच लोक तशाच चुका करतात. माणसं बदलत नाहीत, हाच या प्रकाराचा प्राण.

आपल्याकडे मराठी प्रेक्षकाला याची चव लवकर लागली. चिं. वि. जोशींच्या कथांवरची ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ ही मालिका मुंबई दूरदर्शनने सत्तरच्या दशकात दाखवली आणि दिलीप प्रभावळकर, बाळ कर्वे घराघरांत पोचले. हिंदीत १९८४च्या ‘ये जो है जिंदगी’ने पाया घातला. त्यातले शफी इनामदार मूळचे दापोलीकडचे. १९८८मध्ये आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेवर बेतलेली ‘वागळे की दुनिया’ आली आणि माणिक वर्मा यांच्या कन्या भारती आचरेकर राधिका वागळे म्हणून देशभर ओळखल्या जाऊ लागल्या. १९९५मध्ये झी टीव्हीवर ‘हम पाँच’ सुरू झाली. तिच्यात अशोक सराफ गोंधळलेला बाप होते आणि त्याची दिवंगत पहिली बायको भिंतीवरच्या फोटोतून त्याच्याशी बोलायची. ती बायको म्हणजे प्रिया तेंडुलकर, एके काळी गाजलेल्या ‘रजनी’ मालिकेतली रजनी. हिंदी टीव्हीवरच्या घरगुती विनोदाचा इतिहास लिहायला बसलं, तर पानापानावर मराठी नावं येतात, आणि ती नावं बहुतेक करून मराठी रंगभूमीवरून आलेली असतात.

‘श्रीमान श्रीमती’ तर त्या दृष्टीने जवळजवळ घरचंच कार्य होतं. निर्माते गौतम आणि मार्कंड अधिकारी. लेखक अशोक पाटोळे, म्हणजे ‘आई रिटायर होतेय’चे नाटककार. दिग्दर्शक राजन वाघधरे. १९९४मध्ये दूरदर्शनवर ती सुरू झाली. समोरासमोरच्या घरांत राहणारी दोन जोडपी. एकीकडे केशव कुलकर्णी आणि त्याची बायको कोकिला, म्हणजे कोकी. दुसरीकडे प्रेमा शालिनी ही सिनेनटी आणि घर सांभाळणारा तिचा नवरा दिलरुबा. केशवचा जीव प्रेमावर आणि दिलरुबाचा जीव कोकीवर. केशव होते जतीन कनाकिया, दिलरुबा राकेश बेदी, प्रेमा अर्चना पूरणसिंग आणि कोकी रीमा लागू.

ही गोष्ट चाळीत घडू शकली नसती. चाळीत भिंतीला कान असतात, गॅलरीत दहा माणसं उभी असतात, आणि कुणाचं लक्ष कुणाकडे आहे हे संध्याकाळपर्यंत खालच्या वाण्यालाही कळतं. ‘श्रीमान श्रीमती’ हा फ्लॅटचा विनोद आहे. बंद होणारी दारं, वाजणारी बेल, दारावरचा लहानसा भिंगाचा डोळा आणि साखर मागण्याच्या निमित्ताने ओलांडलेला उंबरठा. विरारमध्ये नेमक्या त्याच वर्षांत बैठ्या घरांच्या, वाड्यांच्या जागी इमारती उभ्या राहत होत्या आणि चाळीतून आलेली माणसं पहिल्यांदाच बंद दाराच्या घरात राहायला शिकत होती. समोरच्या घरात कोण, त्यांच्याशी किती बोलायचं, बेल वाजली की लगेच उघडायचं की आधी बघायचं, हे सगळं नवीन होतं. पश्चिम रेल्वेच्या या टोकाला मराठी आणि गुजराती कुटुंबांचा शेजारही जुना. पडद्यावर गुजराती नट कुलकर्णी झाला होता आणि मराठी नटी कोकिला झाली होती, याचं इथे कुणालाच वेगळं काही वाटलं नाही.

मालिकेतली बाकीची तीन पात्रं भडक रंगांची. केशव अधाशी, दिलरुबा लाडिक, प्रेमा स्वतःच्या प्रेमात. या तिघांच्या मधोमध कोकीला जमिनीवर पाय ठेवून उभं राहायचं होतं. विनोदी नाटकात अशा पात्राला फारसे हशे मिळत नाहीत, सगळी बॅटिंग समोरच्याची. नवख्या नटीने ही भूमिका सोशिक बायको म्हणून केली असती आणि तिच्याकडे कुणाचं लक्षही गेलं नसतं. रीमा लागू यांनी तिला सोशिक ठेवलं नाही. त्यांची कोकी नवऱ्याला पुरती ओळखून आहे. तो खोटं बोलायला तोंड उघडतो त्याच्या आधीच तिच्या भुवया वर गेलेल्या असतात. ती चिडते, फुरंगटते, दिलरुबाच्या स्तुतीने मनातून सुखावतेही, आणि ते सुखावणं लपवायचा तिचा प्रयत्न हाच एक हशा असतो. हिंदी चित्रपटातल्या आईला कुणी ‘तुम्ही सुंदर दिसता’ म्हणत नव्हतं. इथे एक शेजारी रोज म्हणत होता, आणि मध्यमवयाच्या उंबरठ्यावरच्या, साधी साडी नेसणाऱ्या गृहिणीला ते ऐकताना होणारा आनंद रीमा लागू यांनी कुठेही ओंगळ होऊ दिला नाही. शेजाऱ्याच्या बायकोवर डोळा ठेवणाऱ्या पुरुषांची ही गोष्ट आजीपासून नातवापर्यंत सगळे एकत्र बसून बघू शकत होते, याचं फार मोठं श्रेय कोकीच्या या तोलाला जातं.

तांत्रिक बाजूही इथे सांगायला हवी. ‘आय लव्ह लूसी’च्या नटांसमोर हसणारे प्रेक्षक होते. आपल्या मालिकांत हशे नंतर ध्वनिमुद्रणात भरले जात. म्हणजे चित्रीकरणाच्या वेळी समोर कॅमेरा, दिवे आणि गप्प उभे असलेले तंत्रज्ञ. हशा कुठे येणार, तो किती वेळ टिकणार, तो ओसरायला लागला की पुढचं वाक्य कधी उचलायचं, हे नटाने शांततेत ताडायचं. नाटकातली माणसं याला लाफ्टर घेणं म्हणतात, आणि शेकडो प्रयोग केल्याशिवाय ते अंगवळणी पडत नाही. अर्धवट थांबलं तर पुढचं वाक्य हशाखाली बुडतं, जास्त थांबलं तर दृश्य पडतं. जतीन कनाकिया गुजराती रंगभूमीचे, रीमा लागू मराठीच्या. दोघांनाही ही सवय होती. म्हणून केशव-कोकीची भांडणं आज पाहिली तरी ती कुठे रेंगाळत नाहीत, की घाईत संपत नाहीत. कनाकिया १९९९मध्ये कर्करोगाने अकाली गेले आणि ही जोडी पुन्हा दिसण्याची शक्यता संपली.

त्याच १९९४मध्ये ‘तू तू मैं मैं’ सुरू झाली. आधी दूरदर्शनच्या मेट्रो वाहिनीवर आणि १९९६नंतर स्टार प्लसवर. दिग्दर्शक सचिन पिळगांवकर. सून राधा म्हणजे सुप्रिया पिळगांवकर, सासरे कुलदीप पवार, मुलगा महेश ठाकूर आणि सासू देवकी वर्मा म्हणजे रीमा लागू. सुप्रिया त्यांच्याहून फक्त नऊ वर्षांनी धाकट्या. म्हणजे एकाच वर्षात रीमा लागू एका वाहिनीवर कुणाच्या तरी मनात भरलेली शेजारीण होत्या, दुसऱ्या वाहिनीवर सासू आणि थिएटरात ‘हम आपके हैं कौन’मध्ये माधुरी दीक्षितची आई. तीन बायका, तीन वयं, आणि एकीची सावली दुसरीवर पडलेली दिसत नाही.

देवकी ही कोकीहून अवघड भूमिका. सासू म्हणजे खाष्ट, हे प्रेक्षकाने आधीच ठरवलेलं असतं. रीमा लागू यांनी देवकीला खाष्ट केलं, पण तिच्या खाष्टपणाला कारण दिलं. या घराची चावी आपल्या हातातून निसटते आहे, मुलगा आधी बायकोकडे बघतो आणि मग आईकडे, आपण केलेल्या आमटीला सुनेच्या भाजीपुढे कुणी नावाजत नाही, ही तिची दुखरी जागा. म्हणून ती टोमणे मारते, डाव टाकते, मुलगा समोर आला की एका श्वासात आवाजात मध घालते आणि तो वळला की दुसऱ्या श्वासात मध काढून घेते. समोर सुप्रियाही तितक्याच तयारीच्या. राधा मुकाट सोसणारी नव्हती, ती उत्तर द्यायची. दोघींच्या भांडणात एक लय असायची, एकीचं वाक्य संपायच्या आत दुसरीच्या चेहऱ्यावर जबाब तयार. आणि बाहेरच्या कुणी राधेला बोल लावला, की सगळ्यांत आधी देवकी पदर खोचून उभी राहायची. भांडण आहे म्हणजे नातं जिवंत आहे, हे त्या दोघींनी शब्दांत न सांगता दाखवलं.

विरारच्या वन-रूम-किचनमध्ये सासू आणि सून एकाच टीव्हीसमोर बसून हे बघत होत्या. जागा लहान, पाण्याची तंगी, टँकरची वाट, सकाळी दोघींपैकी एकीला गाडी पकडायची घाई. देवकीने टोमणा मारला की सून हसायची आणि राधेने तो परतवला की सासूही. एकमेकींना जे थेट बोलता येत नव्हतं, ते पडद्यावर कुणीतरी बोलून मोकळं होत होतं. घरगुती विनोदाचं हे काम मोठं आहे आणि ते हलकं समजण्यात आपण समीक्षक म्हणून चुकलो आहोत.

२००० साली चित्र पालटलं. स्टार प्लसने पूर्ण हिंदीचा मार्ग धरला, जुलैत ‘कौन बनेगा करोडपती’ आणि ‘क्योंकि सास भी कभी बहू थी’ एकाच दिवशी सुरू झाल्या, आणि त्याच वर्षी ‘तू तू मैं मैं’ने निरोप घेतला. सासू-सून हा विषय टिकला, त्यातला हशा गेला. भरजरी साड्या आल्या, कारस्थानं आली, ढोलताशांच्या दणक्यात चेहऱ्यावर तीन-तीनदा जाणारा कॅमेरा आला. आठवड्यातून एकदा येणाऱ्या नेटक्या, अर्ध्या तासाच्या गोष्टीच्या जागी रोज येणारी, न संपणारी गोष्ट आली. लेखकाला विचार करायला आणि नटाला तालीम करायला वेळ उरला नाही. ज्या अभिनेत्रीचं सगळं बळ नेमकेपणात होतं, तिला या नव्या कारखान्यात जागा कमी पडली. रीमा लागू काम करत राहिल्या. ‘कल हो ना हो’सारखे चित्रपट केले, २०१३-१४मध्ये झी मराठीवर ‘तुझं माझं जमेना’मध्ये पुन्हा सासू झाल्या आणि सुनेच्या भूमिकेतल्या मानवा नाईकबरोबर त्यांनी जुनी जादू मराठीत थोडी परत आणली. पण कोकी किंवा देवकीच्या तोडीची भूमिका पुन्हा कुणी त्यांच्यासाठी लिहिली नाही. ही खंत आहे, आणि तिची जबाबदारी लिहिणाऱ्यांवर आणि वाहिन्यांवर आहे.

त्यांनी घातलेली वाट मात्र बुजली नाही. २०१५मध्ये आलेल्या ‘भाभीजी घर पर हैं’ या मालिकेचा ढाचा उघडपणे ‘श्रीमान श्रीमती’चा आहे : दोन शेजारी जोडपी आणि एकमेकांच्या बायकांवर भाळलेले नवरे. २०१८मध्ये ‘श्रीमान श्रीमती’ नव्या संचात पुन्हा करण्याचाही प्रयत्न झाला. २०२०च्या टाळेबंदीत दूरदर्शनने जुनी ‘श्रीमान श्रीमती’ पुन्हा दाखवली आणि ज्यांचा जन्मही तेव्हा झाला नव्हता अशी मुलं घरात अडकलेल्या आईबापांबरोबर कोकीवर हसली. त्याच वर्षी ‘थप्पड’ हा चित्रपट आला. नवऱ्याने मारलेल्या एका थपडेपाशी थांबून संसाराकडे पाहणारी ती पटकथा अनुभव सिन्हा यांच्याबरोबर लिहिणारी मृण्मयी लागू ही रीमा आणि विवेक लागू यांची मुलगी.

‘पुरुष’मधली अंबिका आणि ‘सविता दामोदर परांजपे’मधली ती अंगात येणारी बाई आता पाहणाऱ्यांच्या आठवणीतच उरल्या आहेत. टीव्हीवरच्या कामाचं तसं होऊ नये. वसई-विरारच्या कितीतरी घरांत माळ्यावर, दिवाणाच्या कप्प्यात जुन्या व्हिडिओ कॅसेट पडून असतील, त्यांत कुणी हौसेने टीव्हीवरून उतरवून घेतलेले भाग असतील, एखाद्या बँकेच्या नाट्यस्पर्धेचं चित्रण असेल, मंडळाच्या कार्यक्रमाला आलेल्या कलावंतांचे फोटो असतील. दमट हवेत त्या फिती फार काळ तग धरत नाहीत, बुरशी धरली की चित्र जातं. भंगारवाल्याला देण्याआधी त्या एकदा तपासून घ्या, चालत असतील तर डिजिटल करून घ्या आणि त्यांची एक प्रत जवळच्या ग्रंथालयाकडे किंवा नाट्यसंस्थेकडे द्या.